अद्‍भुत दर्शनयंत्रे आणि भाकितांची समीक्षा

दूरचे स्थळ, गेलेला काळ किंवा परका लोक डोळ्यांपुढे आणणारी एखादी वस्तू कथेत अवतरली, की समीक्षकांतील एक वर्ग तत्काळ पंचांग उघडतो. या वस्तूने पुढे कोणत्या यंत्राचे रूप घेतले, एवढाच प्रश्न त्याला सुचतो. एच. जी. वेल्सच्या ‘द क्रिस्टल एग’मधील (१८९७) स्फटिकाचे अंडे म्हणजे दूरचित्रवाणी, बोर्हेसच्या ‘एल अलेफ’मधील (१९४५) लकाकता गोल म्हणजे इंटरनेट, टोल्कीनचा पालांतीर म्हणजे दूरदृश्य संवाद, आणि महाभारतातील संजय म्हणजे थेट प्रक्षेपण. समीकरण जुळले की लेखक द्रष्टा ठरतो आणि समीक्षा संपते. या पद्धतीला भाकीतवाद म्हणता येईल. ती उथळ आहे हा तिचा किरकोळ दोष. ज्या संहितेचा ती गौरव करते, ती वाचण्याची गरजच ती उरू देत नाही, हा खरा दोष.

भाकीत खरे ठरले की त्याचे प्रयोजन सरते. वेल्सची कथा दूरचित्रवाणीचे भाकीत असती, तर घरोघरी संच आल्यावर ती संग्रहालयात ठेवण्याजोगी झाली असती. तसे झालेले नाही, कारण तिचा विषय यंत्र नसून यंत्रापुढे बसलेला माणूस आहे. जुन्या वस्तूंचा व्यापारी केव्ह बायको आणि सावत्र मुले यांच्या जाचाने गांजलेला आहे. अंडे विकावे लागू नये म्हणून तो खोटे बोलतो, घरच्यांपासून ते लपवतो, आणि अखेर ते हातात धरूनच मरतो. मंगळावरील दृश्यांची नोंद ठेवणाऱ्या वेस या तरुण वैज्ञानिकाला जे ज्ञानसाधन वाटते, ते केव्हचे आश्रयस्थान असते. शिवाय मंगळावरही खांबांवर तशीच अंडी आहेत आणि तेथील जीव त्यांत डोकावतात. पाहणारा स्वतःही पाहिला जात असावा, ही शंका कथेच्या गाभ्याशी आहे. भाकीतवाद्याला मात्र तेथे केवळ पडदा दिसतो.

बोर्हेसच्या बाबतीत हा अन्याय अधिक ठळक होतो. आपल्या कथेवर वेल्सच्या या कथेचा काहीसा प्रभाव जाणवतो, असे त्याने १९४९च्या संग्रहाच्या उपसंहारात स्वतःच नोंदवले आहे. ब्वेनोस आइरेसमधील एका घराच्या तळघरात, एकोणिसाव्या पायरीपाशी, दोन-तीन सेंटिमीटर व्यासाचा तो गोल आहे आणि त्यात विश्वातील सर्व स्थळे एकाच वेळी दिसतात. कार्लोस आर्हेंतिनो दानेरीला तो बालपणापासून उपलब्ध आहे. त्याच्या बळावर तो अवघ्या पृथ्वीचे वर्णन करणारे महाकाव्य रचतो, आणि ते विलक्षण सुमार उतरते. सर्व काही दिसणे म्हणजे समजणे असते, तर दानेरी महाकवी ठरता. निवेदकाला त्याच गोलात आपल्या दिवंगत प्रियेची, बेआत्रिसची, दानेरीला लिहिलेली अश्लील पत्रे दिसतात; मग तो मत्सराने अलेफविषयी चकार शब्द काढत नाही. शेवटी तो अलेफ खोटा असावा असे म्हणतो, आणि बेआत्रिसचा चेहराही त्याच्या स्मृतीतून झिजू लागतो. सर्वदर्शन आणि विस्मरण यांची ही सांगड ‘इंटरनेटचा पूर्वसूरी’ या बिरुदात कोठे बसते?

टोल्कीनच्या ‘द रिटर्न ऑफ द किंग’मध्ये (१९५५) देनेथोरला पालांतीर खोटे काहीच दाखवत नाही. काळ्या शिडांचा ताफा खरोखरच येत असतो. त्यातून मित्रपक्ष येत आहे, एवढेच त्याला कळत नाही. दृश्य खरे आणि अर्थ चुकीचा, या फटीत तो निराश होऊन स्वतःला जाळून घेतो. गुप्तचर यंत्रणांना माहितीविश्लेषणाची साधने पुरवणाऱ्या, २००३मध्ये स्थापन झालेल्या एका अमेरिकी कंपनीने हेच नाव धारण केले, यात नवल नाही. कथेतून यंत्र उचलायचे आणि इशारा मागे ठेवायचा, ही भाकीतवादाचीच व्यावसायिक आवृत्ती होय.

वेल्सने विज्ञानाचे रीतसर शिक्षण घेतले होते, तेव्हा त्याची कल्पना तंत्रविद्येच्या इतिहासाबाहेर ठेवता येणार नाही, असा आक्षेप येईल. तो मान्यच आहे. विचारांच्या इतिहासाला अशा साम्यांचा उपयोग होतो. परंतु साम्य ही अन्वयार्थाची सुरुवात आहे. तिलाच निष्कर्ष मानले की समीक्षा पेटंटच्या कचेरीचे काम करू लागते.

आपल्याकडे या कचेरीत अभिमानाची भर पडते. २०१८मध्ये त्रिपुराच्या तत्कालीन मुख्यमंत्र्यांनी संजयाचा दाखला देऊन महाभारतकाळी इंटरनेट असल्याचे जाहीरपणे सांगितले. त्यावर हसणे सोपे होते. पण हसणाऱ्यांपैकी तरी किती जणांनी संहिता उघडली? पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराच्या चिकित्सक आवृत्तीतील, श्री. कृ. बेलवलकरांनी संपादित केलेले भीष्मपर्व (१९४७) पाहिले तर ‘थेट प्रक्षेपण’ तत्काळ कोसळते. संजय रणभूमीवरून परतून भीष्म पडल्याची वार्ता आधी सांगतो. गीतेसह पूर्वीचा वृत्तांत त्यानंतर येतो. तो युद्धापासून सुरक्षित अंतरावरही नाही: शल्यपर्वात तो सात्यकीच्या हाती सापडतो आणि व्यासांमुळे वाचतो. दुर्योधनाच्या मृत्यूनंतर त्याची दिव्यदृष्टी लोपते.

सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, व्यास ही दृष्टी प्रथम धृतराष्ट्राला देऊ करतात. स्वजनांचा वध पाहण्याची इच्छा नाही, पण ऐकायचा आहे, असे तो म्हणतो. दिसत असूनही न पाहणे त्याने आयुष्यभर केले. येथे तो तीच निवड पुन्हा करतो आणि पाहण्याचा भार दुसऱ्यावर टाकतो. संजयाला प्रक्षेपणयंत्र ठरवणारा वाचक धृतराष्ट्राचा हा नकार पुसून टाकतो. पूर्वजांना एक यंत्र बहाल करण्यासाठी त्यांचा नैतिक प्रश्न काढून घेण्याचा हा व्यवहार आहे, आणि त्यात पूर्वजांचे नुकसानच आहे.

म्हणून अद्‍भुत दर्शनयंत्राच्या समीक्षेने कोण पाहतो, कोणाच्या अनुज्ञेने, काय टाळून आणि कोणत्या मोबदल्यात, हे आधी विचारले पाहिजे. यंत्रे येतील आणि जातील. केव्ह, दानेरी, देनेथोर आणि धृतराष्ट्र यांचे प्रश्न प्रत्येक नव्या यंत्रापुढे तसेच उभे राहतात. ते वाचण्याचे काम पदव्युत्तर वर्गांतही होणार नसेल, तर ते अन्यत्र होण्याची शक्यता फारशी नाही.