'ग्यालरहॉर्न' अजून मिळतं का? डेस्टिनीच्या सगळ्यात लाडक्या हत्याराची गोष्ट आणि कंपनीच्या तिजोरीची भानगड

घाईत असाल तर उत्तर आधी घ्या. हो, मिळतं. 'डेस्टिनी २' हा गेम फुकट डाउनलोड होतो, पण ग्यालरहॉर्न फुकट मिळत नाही. त्यासाठी 'बंजी थर्टिएथ अ‍ॅनिव्हर्सरी पॅक' विकत घ्यावा लागतो, मग त्यातलं 'ग्रास्प ऑफ अ‍ॅव्हरिस' नावाचं तीन जणांचं डंजन पार करावं लागतं आणि त्याला जोडलेलं क्वेस्ट संपवावं लागतं. नशिबाचा भाग नाही. क्वेस्ट पूर्ण झालं की हत्यार तुमचं.

आता 'तुमचं' म्हणजे नक्की किती तुमचं, खरा विषय तिथे सुरू होतो.

ज्यांनी डेस्टिनी कधी खेळलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं मागे जाऊ. अमेरिकेतल्या बंजी या कंपनीने, म्हणजे ज्यांनी आधी 'हेलो' बनवला त्यांनी, ९ सप्टेंबर २०१४ रोजी पहिला डेस्टिनी आणला. ऑनलाइन शूटर, पण लूटमारीवाला. शत्रू मारा, हत्यारं मिळवा, ती वाढवा, मोठा शत्रू मारा. ग्यालरहॉर्न हा त्यातला एक रॉकेट लाँचर. नॉर्स पुराणकथांमध्ये हाइमडाल नावाच्या देवाकडे जे शिंग असतं, त्याचं हे नाव. पांढरा आणि सोनेरी रंग, नळीवर लांडग्यांची मुंडकी. पण लोक वेडे झाले ते त्याच्या 'वुल्फपॅक राउंड्स'मुळे. रॉकेट फुटलं की त्यातून छोटी छोटी क्षेपणास्त्रं निघतात आणि लांडग्यांच्या कळपासारखी स्वतःच शत्रूला शोधत जातात. त्या काळात मोठमोठे बॉस त्याच्यापुढे काही मिनिटांत गार व्हायचे.

मिळायचं मात्र नशिबाने. कोणाला पहिल्याच आठवड्यात, कोणाला वर्षभर रेड मारूनही नाही. आणि इथेच गेमिंगच्या इतिहासातला एक भारी किस्सा घडला. डेस्टिनीत झूर नावाचा एक व्यापारी आहे, तो शुक्रवारी येतो, दुर्मीळ माल विकतो आणि जातो. गेम येऊन दोन आठवडेही झाले नव्हते तेव्हा त्याने ग्यालरहॉर्न विकायला ठेवलं. किंमत १७ 'स्ट्रेंज कॉइन्स'. बहुतेकांकडे तेवढी नाणी नव्हती आणि ज्यांच्याकडे होती त्यातल्या अनेकांनी चिलखत घेतलं, कारण हे हत्यार काय चीज आहे हे तेव्हा कोणालाच माहीत नव्हतं. पुढचे जवळपास अकरा महिने झूरने ते पुन्हा आणलं नाही. ते अकरा महिने म्हणजे छळ होता. रेडसाठी टीम शोधताना लोक सरळ लिहायचे, ग्यालरहॉर्न नसेल तर येऊ नका. एखाद्या ऑफिसने अनुभव नाही म्हणून नोकरी द्यायची नाही आणि नोकरी नाही म्हणून अनुभव येऊ नये, तशी गत.

ऑगस्ट २०१५ मध्ये झूरने ते शेवटी पुन्हा विकलं. लोक खुश. पण काही आठवड्यांतच कंपनीने त्याची ताकद कमी केली आणि त्याच सप्टेंबरमध्ये 'द टेकन किंग' हे विस्तारपॅक आलं, त्यात ग्यालरहॉर्नला नव्या पातळीवर नेण्याची सोयच ठेवली नाही. म्हणजे हत्यार हातात आहे, पण नव्या शत्रूंपुढे त्याचा उपयोग नाही.

आणि मग? २०१६ मध्ये 'राइज ऑफ आयर्न' आलं तेव्हा जाहिरातीतला हुकमाचा एक्का कोणता होता, ओळखा. ग्यालरहॉर्न. आगाऊ नोंदणी करणाऱ्यांना त्याची काळी-चंदेरी आवृत्ती. २०१७ मध्ये डेस्टिनी २ आला, त्यात ते पुन्हा गायब. चार वर्षं लोक मागत राहिले. ७ डिसेंबर २०२१ ला बंजीने आपल्या तिसाव्या वाढदिवसाचा पॅक काढला, अमेरिकेत किंमत २५ डॉलरच्या आसपास, आणि त्याच्या पोस्टरवरचा मुख्य माल पुन्हा तोच. डंजनचं दारही कुठे ठेवलं? २०१४ मध्ये खेळाडू ज्या गुहेबाहेर तासन् तास उभं राहून गोळ्या झाडत फुकटची लूट गोळा करायचे, त्या प्रसिद्ध 'लूट केव्ह'मध्ये. आठवणींचा धंदा कसा करायचा हे या मंडळींकडून शिकावं.

हा सगळा क्रम नीट पाहिला तर ग्यालरहॉर्न 'दुर्मीळ' कधी होतं आणि 'उपलब्ध' कधी होतं, याचा संबंध गेमच्या तंत्राशी कमी आणि कंपनीच्या विक्रीच्या वेळापत्रकाशी जास्त दिसतो. काढून घेतलं की ओढ वाढते, ओढ वाढली की परत आणताना पैसे मिळतात. माझं मत विचाराल तर यात बेकायदेशीर काहीच नाही. पण खेळाडूने हे डोळे उघडे ठेवून बघायला हवं.

'मिळतं' आणि 'चालतं' यात फरक आहे

ग्यालरहॉर्न नशीबवान निघालं. सगळीच हत्यारं तशी नसतात.

डेस्टिनी २ मध्ये हत्यारांच्या दोन मुख्य वरच्या जाती आहेत. 'एक्झॉटिक', म्हणजे ग्यालरहॉर्नसारखी एकमेवाद्वितीय, आणि त्याखालची 'लेजेंडरी'. २०२० मध्ये बंजीने लेजेंडरी हत्यारांसाठी 'सनसेट' नावाचा नियम आणला. प्रत्येक हत्याराला पॉवरची एक कमाल मर्यादा. ती ओलांडता येणार नाही, म्हणजे साधारण वर्षभरानंतर ते हत्यार अवघड मोहिमांमध्ये निकामी. एक्झॉटिकना सूट होती. 'माउंटनटॉप', 'रिक्लूज', 'लुनाज हाउल' ही लोकांनी महिनोन् महिने घाम गाळून मिळवलेली हत्यारं नोव्हेंबर २०२० मध्ये शोभेची वस्तू झाली. तिजोरीत ठेवा, काढून बघा, परत ठेवा.

लोक एवढे चिडले की फेब्रुवारी २०२१ मध्ये कंपनीने जाहीर केलं, यापुढे नवीन हत्यारांना हा नियम लागणार नाही. पण जी आधीच बाद झाली होती ती बादच राहिली. तीन वर्षांनी, एप्रिल २०२४ मध्ये 'इन्टू द लाइट' या अपडेटमध्ये बारा जुनी लाडकी हत्यारं नव्याने आणली गेली, त्यात माउंटनटॉप होतं, रिक्लूज होतं, लुनाज हाउलही होतं. त्यांच्या खास चमकदार आवृत्त्या मात्र जूनमध्ये 'द फायनल शेप' येईपर्यंतच मिळणार होत्या. आणि त्याच जूनमध्ये जुन्या हत्यारांवरची पॉवरची मर्यादाही उठवली.

म्हणजे ज्याने २०२० मध्ये वैतागून आपलं जुनं हत्यार मोडीत काढलं, तो गेला. ज्याने ठेवलं, त्याचं चार वर्षांनी जिवंत झालं. यात कौशल्याचा काय संबंध?

त्यानंतरही गोष्ट संपली नाही. जुलै २०२५ मध्ये 'द एज ऑफ फेट' आलं आणि चालू सीझनमधल्या नव्या हत्यारांना जादा डॅमेजचा बोनस मिळायला लागला. जुनी हत्यारं बंद केली नाहीत, फक्त नवी वापरली तर फायदा जास्त. दार बंद न करता उंबरा उंच केला, एवढंच.

त्यामुळे कोणी विचारलं की अमुक जुनं हत्यार अजून मिळतं का, तर आधी हे बघायचं की ते गेममध्ये कुठून तरी आजही पडतं का. पडत असेल तर ती जागा फुकट आहे की पॅकमागे. आणि मिळालं तरी आजच्या मोहिमांमध्ये ते चालतं का. ग्यालरहॉर्नबाबत सांगायचं तर पडतं, पैसे लागतात, आणि चालतं. उलट डेस्टिनी २ मध्ये त्याला एक नवा गुण दिलाय. तुम्ही ते हातात धरलं की जवळच्या सोबत्यांच्या साध्या रॉकेट लाँचरमधूनही वुल्फपॅक राउंड्स निघतात. म्हणून टीममध्ये एकाकडे असलं तरी पुरतं. 'ग्यालरहॉर्न नसेल तर येऊ नका' हा जुना माज त्या एका बदलाने बराच उतरला, आणि बंजीचा हा निर्णय मला मनापासून आवडतो.

कंपनीलाच स्वतःचा गेम दाखवता येईना

हत्यारं सोडा, बंजीने गेमचे अख्खे तुकडे काढून ठेवलेत. १० नोव्हेंबर २०२० ला 'बियॉन्ड लाइट' आलं तेव्हा मंगळ, बुध, टायटन, आयओ हे सगळे नकाशे आणि 'रेड वॉर' ही डेस्टिनी २ ची मूळ कथा 'कंटेंट व्हॉल्ट'मध्ये गेली. सुरुवातीला गेम विकत घेणाऱ्यांनी जिच्यासाठी पैसे मोजले होते तीच ही कथा. कारण दिलं गेलं की गेमचा आकार प्रचंड वाढलाय, अपडेट आणि दुरुस्त्या करणं अवघड झालंय. कारण खोटं नव्हतं, शंभर जीबीच्या पुढे गेलेला गेम सांभाळणं खरंच कटकटीचं असतं. फेब्रुवारी २०२२ मध्ये 'फोर्सेकन'ची कथाही तिकडेच गेली. त्या भागांमधून मिळणाऱ्या काही एक्झॉटिक हत्यारांसाठी मुख्य तळावर एक वेगळा काउंटर उभारला, तिथे गेममधलं साहित्य देऊन ती घेता येतात.

याचा सगळ्यात अजब परिणाम कोर्टात दिसला. ऑक्टोबर २०२४ मध्ये एका लेखकाने अमेरिकेतल्या लुइझियानाच्या फेडरल कोर्टात दावा केला की 'रेड वॉर'ची कथा त्याच्या लिखाणावरून उचलली आहे. दाव्यात तथ्य आहे की नाही हा वेगळा भाग. बंजीला उत्तरात मूळ कथा दाखवायची होती, पण ती आता चालवताच येत नव्हती. मग कंपनीने यूट्यूबवरचे लोकांनी टाकलेले व्हिडिओ आणि चाहत्यांनी लिहिलेली विकी पानं जोडली. न्यायाधीशांनी मे २०२५ मध्ये ती ग्राह्य धरायला नकार दिला आणि दावा फेटाळण्याची मागणी नामंजूर केली. स्वतः बनवलेल्या गेमचा पुरावा म्हणून चाहत्यांचे व्हिडिओ लावावे लागले, याहून बोलकं उदाहरण शोधून सापडणार नाही.

आपल्याकडे याचा काय संबंध?

डेस्टिनी आपल्याकडे पबजीएवढा कधीच चालला नाही. पण पबजी मोबाइल खेळलेल्यांना हे दुःख नवं नाही. २ सप्टेंबर २०२० ला सरकारने ११८ अ‍ॅप्सवर बंदी आणली तेव्हा पॉकेटमनीतून, कधी कधी घरच्यांच्या नकळत घेतलेल्या गन स्किन्स एका रात्रीत अधांतरी झाल्या. जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय आला, जुना डेटा हलवायची सोय दिली, पण तिलाही मुदत होती. मग जुलै २०२२ मध्ये बीजीएमआय स्टोअरमधून गेला, मे २०२३ मध्ये परत आला. त्याआधी फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरवरही बंदी आली होती. तिथे निर्णय सरकारचा होता, डेस्टिनीत कंपनीचा. खेळाडूच्या हातात दोन्हीकडे काही नव्हतं, कारण आपण वस्तू घेत नाही, वापरायचा परवाना घेतो. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून असा कायदा आहे की ग्राहकाला फक्त परवाना मिळतोय हे स्पष्ट न सांगता डिजिटल मालावर 'खरेदी करा' असं लिहायचं नाही.

भारतात ३० नोव्हेंबर २०२३ ला ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने 'डार्क पॅटर्न'विरोधात नियम काढले. अशा १३ युक्त्यांची यादी त्यात आहे आणि खोटी घाई निर्माण करणं ही त्यातलीच एक. खरी मुदत असेल तर तो नियम लागत नाही. पण 'आत्ताच घ्या, संपत आलंय' असा बोर्ड लावून तोच माल महिनोन् महिने विकला जात असेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार करता येते.

मग पॅक घ्यावा का?

फक्त ग्यालरहॉर्नसाठी पूर्ण किमतीत घेऊ नये, असं मी म्हणेन. या पॅकवर सेलमध्ये सूट मिळत आलीये, आणि ऑगस्ट २०२२ मध्ये डेस्टिनी २ एपिक गेम्स स्टोअरवर आला तेव्हा तो आठवडाभर चक्क फुकट वाटला होता. डंजन मात्र खरंच मजेशीर आहे. दोन मित्र असतील तर पैसे वसूल. सोबत कोणी नसेल तर एकट्याने शेवटचा बॉस मारणं हे जिकिरीचं काम आहे, आणि नेमक्या अशाच लोकांना गाठून 'अकाउंट द्या, आम्ही मिळवून देतो' म्हणणारे दलाल फिरत असतात. पासवर्ड कोणालाही देऊ नका. अकाउंट दुसऱ्याच्या हातात देणं बंजीच्या नियमात बसत नाही, आणि अकाउंट गेलं तर तक्रार करायला जागा राहत नाही.

दुसरं कुठलं जुनं हत्यार हवं असेल तर यूट्यूबच्या थंबनेलवर विसंबू नका, तीन वर्षांपूर्वीचे व्हिडिओ आजही वर दिसतात. गेममध्ये 'कलेक्शन्स' उघडा, ते हत्यार शोधा. खाली 'सोर्स' म्हणून एक ओळ असते, ते कुठून मिळतं हे तिथे लिहिलेलं असतं. ती जागा नकाशावर खरंच आहे का ते बघा, मगच पाकीट उघडा.

आणि घरात जुना पीएस-४ किंवा एक्सबॉक्स धूळ खात पडला असेल तर आणखी एक वाट आहे. पहिला डेस्टिनी बंजीने कधी व्हॉल्टमध्ये टाकला नाही. २०१७ नंतर त्यात नवं काही आलं नाही, त्यामुळे काढून टाकायची वेळही आली नाही. 'राइज ऑफ आयर्न'मधलं ग्यालरहॉर्नचं क्वेस्ट तिथे जसंच्या तसं आहे.