बंद स्टेशन कुणाचे?

मूर्तिजापूर-अचलपूर मार्गावरील पथ्रोटसारखी गावची स्टेशने आज ओसाड आहेत. वऱ्हाडचा कापूस इंग्लंडच्या गिरण्यांत जावा म्हणून किलिक-निक्सन कंपनीने हा 76 किलोमीटरचा नॅरोगेज मार्ग टाकला. 1913 साली गाडी धावू लागली. लोकांनी तिला ‘शकुंतला’ म्हटले. स्वातंत्र्यानंतर रेल्वे सरकारी झाली. हा मार्ग मात्र खासगी कंपनीचाच राहिला! गाडी चालवायची मध्य रेल्वेने, वाटा घ्यायचा कंपनीने. अशा भांडणात रूळ खचले. पुढे गाडी थांबली. 2016 साली ब्रॉडगेजची घोषणा झाली. गाडी मात्र अद्याप आलेली नाही.

याचा आंबेडकरी चळवळीशी संबंध काय, असे कुणी विचारील. 1901 साली लहानगे भीमराव वडिलांना भेटायला गोरेगावला निघाले आणि मसूर स्टेशनवर उतरले. रेल्वेचा प्रवास मजेत झाला होता. पण ‘महार’ हा शब्द कानी पडताच स्टेशनमास्तरचा चेहरा पालटला. गाडीवानाने भाडे दुप्पट घेतले, वर बैलगाडी मुलांनाच हाकायला लावली. तिकिटाच्या पैशात मिळालेला माणूसपणा स्टेशनाबाहेर पाऊल टाकताच संपला!

1938 साली मनमाडच्या रेल्वे कामगार परिषदेत बाबासाहेबांनी दुसरी बाजू मांडली. अस्पृश्य कामगार जन्मभर गँगमनच राहतो. त्याला पोर्टर करीत नाहीत, कारण पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरचीही कामे करावी लागतात. म्हणूनच ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू असल्याचे त्यांनी बजावले.

शकुंतलेच्या कहाणीत हे दोन्ही शत्रू दिसतात. ‘तोटा’ हा शब्द कंपनीच्या वहीतला आहे. एस.टी.पेक्षा कितीतरी स्वस्तात तालुक्याला जाणारा भूमिहीन मजूर, बाजाराला निघालेली बाई, कॉलेजला जाणारे पोर यांचा तोटा कोणत्या वहीत लिहायचा? सार्वजनिक गाडी गेली की गरीब माणूस पुन्हा गावच्या खासगी गाडीवाल्याच्या मर्जीवर येतो. ही मर्जी काय असते, ते मसूरच्या त्या मुलाने भोगले आहे.

तेव्हा नुसते ब्रॉडगेज मागून भागणार नाही. लहान गावांचे थांबे राहिले पाहिजेत, भाडे मजुराला परवडले पाहिजे, भरती कंत्राटी नव्हे तर कायम आणि आरक्षणासह झाली पाहिजे. नाहीतर नवी गाडी आमच्या गावावरून शिट्टी मारत निघून जाईल आणि आम्ही फाटकाशी उभे राहू. बांधवांनो, हा प्रश्न आठवणींचा नाही, हक्काचा आहे!