अपील मिटले, हक्क कोणी मिटविले?

न्यायालयातील अपील मागे घेणे म्हणजे शरणागती नव्हे. एक आघाडी सोडून दुसरी बळकट करण्याचा प्रसंग प्रत्येक लढ्यात येतो. प्रश्न एवढाच, की त्या अपिलाशी संलग्न अशा इतर प्रकरणांतील हक्क अबाधित राहिले, की त्यांचीही त्याच कागदावर वासलात लागली?

भोपाळचे उदाहरण घ्या. 2-3 डिसेंबर 1984 च्या रात्री युनियन कार्बाइडच्या कारखान्यातील विषारी वायूने हजारोंचे बळी घेतले. 1985 च्या कायद्याने केंद्र सरकारने पीडितांच्या वतीने लढण्याचा एकाधिकार स्वतःकडे घेतला. 17 डिसेंबर 1987 रोजी भोपाळच्या जिल्हा न्यायालयाने 350 कोटी रुपयांची अंतरिम भरपाई फर्माविली. उच्च न्यायालयाने एप्रिल 1988 मध्ये ती 250 कोटींवर आणली. सर्वोच्च न्यायालयापुढे अपिले होती ती या अंतरिम रकमेबाबतची. मूळ दाव्याची सुनावणी व्हायचीच होती. असे असता 14 फेब्रुवारी 1989 रोजी 47 कोटी डॉलरमध्ये सारेच मिटविण्यात आले: अपिले, मूळ दावा, भावी दावे, इतकेच नव्हे तर फौजदारी खटलेसुद्धा! मागणी होती 330 कोटी डॉलरची.

तडजोडीचे समर्थक म्हणतात, पीडितांना तातडीने पैसा हवा होता. हवा होताच! मग अंतरिम रकमेपुरताच समझोता करून मूळ दावा व खटले राखून ठेवण्यास कोणाची आडकाठी होती? आडकाठी होती ती बहुराष्ट्रीय कंपनीच्या हिताची. तिला पावती हवी होती ती कायमच्या सुटकेची, आणि पीडितांच्या स्वयंघोषित पालकाने ती त्यांना न विचारता लिहून दिली.

जनतेच्या संतापानंतर 3 ऑक्टोबर 1991 रोजी फौजदारी खटले पुनरुज्जीवित झाले. रक्कम मात्र तीच राहिली. 7 जून 2010 रोजी भारतीय अधिकाऱ्यांना झालेली शिक्षा दोन वर्षांची. त्याच वर्षी सरकारने वाढीव भरपाईसाठी केलेली उपचारात्मक याचिका 14 मार्च 2023 रोजी फेटाळली गेली. स्वहस्ते मिटविलेले प्रकरण सरकारला पुन्हा उघडता आले नाही.

आमच्या कामगार संघटनांतही हा निष्काळजीपणा कमी नाही. पुढची तारीख टाळण्यासाठी वकील दोन ओळींची पुरसीस देतात आणि कार्यकर्ते ती न वाचताच सही करतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नुसार परवानगीशिवाय दावा मागे घेतल्यास त्याच विषयावर नवा दावा करता येत नाही. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1986 मध्ये हेच तत्त्व उच्च न्यायालयातील रिट याचिकांना लावले. अपिलाचे तर आणखी अवघड: ते मागे घेताच खालचा निकाल कायम होतो आणि मालक तोच निकाल बडतर्फीच्या, थकबाकीच्या दुसऱ्या प्रकरणांत प्राङ्न्याय म्हणून पुढे करतो. ‘इतर प्रलंबित प्रकरणांतील सर्व मुद्दे खुले ठेवून’ हे शब्द केवळ पुरसिशीत असून भागत नाही. ते न्यायालयाच्या आदेशात उतरले पाहिजेत. न्यायाधीश ते लिहिण्यास राजी नसतील, तर अपील मागे घ्यायचे की चालवायचे याचा निर्णय वकिलाच्या कचेरीत नव्हे, कामगारांच्या सभेत झाला पाहिजे.