कर्ज थकले म्हणजे गुन्हा झाला काय?

फैजपूरजवळच्या एका गावची एक ताई गेल्या उन्हाळ्यात आमच्याकडे आली. हातात रुमालात बांधलेले कागद. रमाई आवासचे घरकुल मंजूर झाले, जोते झाले, भिंती उठल्या. पण अनुदान हप्त्याहप्त्याने येते आणि सिमेंटवाला तोवर थांबत नाही. म्हणून एका वित्त कंपनीचे कर्ज काढून स्लॅब टाकला. नवरा केळी कापायला, गाड्या भरायला जातो. केळीचा भाव पडला की व्यापारी कापणी थांबवतो आणि कापणी थांबली की मजुरी थांबते. पाच हप्ते थकले. मग वसुलीवाले रात्री नऊ वाजता दारात येऊ लागले. एके दिवशी त्यांच्यासोबत एक हवालदार आला. साऱ्या गल्लीदेखत त्याने नवऱ्याला दोन थपडा दिल्या आणि ताईला म्हणाला, "उद्या ठाण्यात ये, नाहीतर याला उचलून नेतो."

ताईचा पहिला प्रश्न होता, "दादा, आम्ही चोरी केली का?"

नाही केली. वाचकहो, हे नीट समजून घ्या. कर्जाचा हप्ता थकणे हा दिवाणी मामला आहे. खोटे कागद दिले असतील किंवा दिलेला चेक वटला नसेल तर गोष्ट वेगळी. पण चेकचे प्रकरणही आधी नोटीस, मग १५ दिवसांची मुदत आणि मग न्यायालय, अशा वाटेने जाते. हवालदाराच्या हाताने नाही. घर तारण असेल तर २००२ चा सरफेसी कायदा आहे. तो लागू असला तरी ६० दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते, तुमच्या हरकतीला उत्तर द्यावे लागते. ताब्यासाठी पोलीस आणायचे तर दंडाधिकाऱ्याचा लेखी आदेश लागतो. त्याविरुद्ध ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते. वसुलीवाल्यांनी सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर त्रास देऊ नये, हा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. आणि बाईमाणसाला चौकशीसाठी ठाण्यात बोलावता येत नाही, तिचा जबाब तिच्या घरीच घ्यायचा असतो.

हे सारे आम्ही ताईला सांगितले. तिने ऐकले, पण तिच्या चेहऱ्यावरची भीती गेली नाही. आम्ही तिला दोष देत नाही. आमच्या वस्तीत खाकी कपडा दिसला की पोटात गोळा येतो, तो उगीच नाही. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. डिसेंबर २०२४ मध्ये परभणीत संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली, बंद झाला, वस्त्यांत धरपकड झाली. त्यात पकडलेला सोमनाथ सूर्यवंशी हा कायद्याचा विद्यार्थी. १५ डिसेंबरला तो कोठडीत मेला. शवविच्छेदनात अंगावर अनेक जखमा निघाल्या. त्याच्या आईला गुन्हा नोंदवून घेण्यासाठी उच्च न्यायालयापर्यंत जावे लागले, तो आदेश जुलै २०२५ मध्ये झाला. कायदा शिकणाऱ्याची ही गत, तर केळी कापणाऱ्याचे काय?

आता दुसरी बाजू पाहा. आमच्याच जळगावात नगरपालिकेने झोपडपट्टीतल्या गरिबांसाठी घरकुल योजना काढली, हुडकोचे कर्ज घेतले. हजारो घरे व्हायची होती, थोडीच उभी राहिली. २००६ मध्ये तेव्हाचे आयुक्त प्रवीण गेडाम यांनी फिर्याद दिली. ३१ ऑगस्ट २०१९ ला धुळ्याच्या विशेष न्यायालयाने माजी मंत्री सुरेश जैन यांच्यासह ४८ जणांना शिक्षा सुनावल्या. जैन यांना सात वर्षे कैद आणि १०० कोटींचा दंड. पुढे अपील झाले, जामीनही मिळाला. तो त्यांचा कायदेशीर हक्कच आहे, आमची त्याबद्दल तक्रार नाही. पण फिर्याद ते निकाल तेरा वर्षे, आणि पाच हप्त्यांना थप्पड त्याच दिवशी! हुडकोच्या कर्जाचे ओझे मात्र सारे जळगाव शहर वर्षानुवर्षे वाहत राहिले.

फैजपूरला कर्जाचा विषय नवा नाही. डिसेंबर १९३६ मध्ये इथे काँग्रेसचे खेड्यातले पहिले अधिवेशन भरले, शेतकऱ्याच्या कर्जावर ठराव झाले. ज्याला शेतच नाही त्या मजुराचे दुखणे घेऊन बाबासाहेबांचा स्वतंत्र मजूर पक्ष त्याच वर्षी उभा राहिला होता.

ताईचे पुढे काय झाले ते सांगतो. आम्ही दोन अर्ज लिहून दिले. एक जिल्हा पोलीस अधीक्षकांना, रजिस्टर पोस्टाने, तारीख, वेळ आणि पाहणाऱ्या दोघांच्या नावांसह. दुसरा कंपनीला, हप्ते लहान करून मुदत वाढवून द्या म्हणून. तालुक्याच्या न्यायालयातील विधी सेवा समितीने वकील दिला. महिलांना आणि अनुसूचित जातीच्या माणसाला तो फुकट मिळतो, उत्पन्नाची अट नाही. आमच्या कितीतरी कुटुंबांना हे ठाऊकच नसते. नवरा आधी अर्जावर सही करायला तयार नव्हता. "उगीच वैर कशाला?" म्हणत होता. ताईने आधी स्वतःची सही केली आणि पेन त्याच्या हातात दिला.

हवालदार पुन्हा आला नाही. अधीक्षकांकडून उत्तर मात्र अजून आलेले नाही, आम्ही दुसरे पत्र पाठवले आहे. हप्ता कमी झाला, कर्ज आहेच. स्लॅबखाली ती माणसे राहायला गेली आहेत, गिलावा व्हायचा आहे.