खेकडा पाण्यातला की जमिनीवरचा?

मृगाचा चांगला पाऊस पडून धानाच्या बांध्या भरल्या की आमच्या चिमूर भागात धुऱ्यांवरची बिळे जागी होतात. उन्हाळाभर खोल ओलाव्यात दडून बसलेले खेकडे बाहेर पडतात. संध्याकाळी टॉर्च आणि टोपली घेऊन माणसे धुऱ्याधुऱ्याने फिरू लागतात. बाजारात बोडी-तलावाच्या मासळीशेजारी खेकडेही विकायला येतात. याच दिवसांत आपल्या घरांमध्ये एक जुना प्रश्न पुन्हा निघतो: हा खावा की खाऊ नये?

पूर्वी हा प्रश्न फारसा अडत नव्हता. विदर्भातील बहुतेक मुस्लिम घरे हनफी मताची. त्यांनी खेकडा खाल्ला नाही आणि विचारलेही नाही. आता लग्ने दूरवर जुळतात. रत्नागिरी-रायगडकडची मुलगी चिमूर-ब्रह्मपुरीच्या घरात सून म्हणून येते. कोकणातील मुसलमान बहुतांशी शाफई. कोळंबी आणि चिंबोरी पाहतच ती वाढलेली असते. मग स्वयंपाकघरात कुजबुज होते, आणि कधी कधी सुनेच्या ताटावरून तिच्या माहेराचीच परीक्षा घेतली जाते. म्हणून या महिन्यात खेकड्याची ओळख करून घेऊ आणि त्यानिमित्ताने दस्तरखानाच्या अदबीचेही बोलू.

नावापासून सुरुवात करू. आपला खेकडा कोकणात चिंबोरी होतो आणि मालवण-गोव्याकडे कुर्ली. संस्कृतात तो कर्क किंवा कर्कट, अरबीत सरतान. गंमत अशी की मराठीत कर्करोग आणि अरबी-उर्दूत सरतान हे त्या भयंकर आजाराचेही नाव आहे. जुन्या ग्रीक वैद्यांना गाठीभोवती पसरलेल्या शिरा खेकड्याच्या पायांसारख्या दिसल्या, म्हणून त्यांनी आजाराला खेकड्याचे नाव दिले आणि तेच भाषेभाषेत उतरले. खेकडा खाल्ल्याने तो आजार होतो, असा त्याचा अर्थ मुळीच नाही.

खेकडा हा मासा नाही. त्याला पाठीचा कणा नसतो. हाडांऐवजी अंगावर कठीण कवच असते आणि दहा पाय असतात. त्यांतील पुढचे दोन म्हणजे नांग्या. कोळंबी, झिंगे हे त्याचे जवळचे नातलग. कवच वाढत नाही, म्हणून खेकडा वाढताना जुने कवच टाकून देतो आणि नवे कठीण होईपर्यंत मऊ अंगाने लपून राहतो. तुटलेला पायही पुढच्या काही कातींमध्ये पुन्हा फुटतो. उलटा करून पाहिला की पोटाखाली घडी घातलेली पट्टी दिसते. ती अरुंद असेल तर नर, रुंद असेल तर मादी.

समुद्रातील खेकडी लाखो बारीक अंडी घालते आणि त्यांतून निघालेली पिल्ले कितीतरी दिवस पाण्यात तरंगत राहतात. आपल्या बांधीतील खेकडीचे तसे नाही. तिची अंडी थोडी आणि मोठी असतात. ती पोटाखालच्या पट्टीत सांभाळते. अंड्यातून थेट इवले इवले खेकडेच बाहेर येतात आणि काही दिवस आईच्या पोटाला बिलगून राहतात. अशी एक खेकडी टोपलीत गेली की तिच्यासोबत सगळे कुटुंबच गेले. म्हणून पकडणाऱ्याने पिल्लांची आई सोडून द्यावी, एवढी रहम आपल्याला करता येईल.

आता मुख्य प्रश्न. हनफी मतात पाण्यातील प्राण्यांपैकी फक्त मासा हलाल मानला जातो. त्यामुळे खेकडा हनफी घरात खाल्ला जात नाही. झिंग्यांबद्दल मात्र हनफी उलमांमध्येच दोन मते आहेत, कारण अरबांच्या बोलीत झिंगा माशांत मोजला जात असे. मालिकी मतात पाण्यातील जवळजवळ सर्वच प्राणी खाता येतात. सूरह माइदामध्ये समुद्राची शिकार हलाल ठरवली आहे, तिचा त्यांनी व्यापक अर्थ घेतला.

शाफई मतही व्यापक आहे, पण त्यात एक अट आहे. जो प्राणी पाण्यात आणि जमिनीवर दोन्हीकडे जगतो तो खाऊ नये. इमाम नववी (मृत्यू इ.स. १२७७) यांच्या ‘मिन्हाज’मध्ये अशा प्राण्यांची उदाहरणे देताना बेडकासोबत खेकड्याचेही नाव आले आहे. म्हणजे ‘शाफई लोक सगळेच खातात’ हे आपल्याकडचे बोलणे अर्धेच खरे आहे. इंडोनेशियातील मुसलमानही शाफईच. तेथील उलमा परिषदेने २००२ साली या प्रश्नावर प्राणितज्ज्ञांचे म्हणणे ऐकले. खाजणातील खेकडा कल्ल्यांनी श्वास घेतो, अंडी पाण्यात सोडतो, पाण्यावाचून त्याचे जगणे नाही, असे तज्ज्ञांनी सांगितले. तेव्हा तो पाण्यातलाच प्राणी ठरवून हलाल मानला गेला.

वाचकांनी येथे एक गोष्ट लक्षात घ्यावी. तो निर्णय खाजणातील खेकड्याच्या अभ्यासावर उभा होता. आमच्या बांधीतील खेकड्यालाही कल्ले असतात, पण ते ओले असेपर्यंत तो पाण्याबाहेर बराच वेळ राहतो, रात्री धुऱ्यावरून चालत दुसऱ्या बांधीत जातो, आणि पाणी आटले की बिळाच्या ओलाव्यावर उन्हाळा काढतो. मग तो पाण्यातला की जमिनीवरचा? उलमांचा प्रश्न आणि प्राणिशास्त्राचा प्रश्न येथे एकमेकांना भेटतात. फतवा देणे आमचे काम नाही. ज्याने त्याने आपल्या मताच्या जाणकार आलिमांना विचारावे आणि विचारताना ‘खेकडा’ एवढेच न सांगता कोणता आणि कुठला, तेही सांगावे.

ज्या घरांत तो शिजतो त्यांच्यासाठी चार सूचना. खेकडा कच्चा किंवा अर्धवट शिजलेला कधीच खाऊ नये. गोड्या पाण्यातील खेकड्यांत फुप्फुसात घर करणाऱ्या जंताची पिल्ले असू शकतात. ईशान्य भारतात, विशेषतः मणिपूरकडे, असे रुग्ण आढळले आहेत. खोकल्यातून रक्त पडते, त्यामुळे तो आजार क्षयासारखा वाटतो. मेलेला खेकडा विकत घेऊ नये, तो लवकर नासतो. नुकतीच फवारणी झालेल्या शेतातील तर अजिबात नको. आणि खाल्ल्यावर अंगाला खाज सुटली, ओठ सुजले किंवा श्वास अडला तर ताबडतोब दवाखाना गाठावा. मुलांना बिळात हात घालू देऊ नये, तेथे सापही असतो.

हलाल-हराममध्ये मतभेद आहेत, पण अदबीत नाहीत. ह. खालिद बिन वलीद (रजि.) एकदा प्रेषित मुहम्मद (स.) यांच्यासोबत आपल्या खाला ह. मैमूना (रजि.) यांच्या घरी गेले. दस्तरखानावर भाजलेला वाळवंटी सरडा आला. तो काय आहे हे कळताच प्रेषितांनी (स.) हात मागे घेतला. हा हराम आहे का, असे खालिद यांनी विचारले. प्रेषितांनी (स.) नाही म्हटले. आपल्या लोकांच्या भूमीत तो नसतो म्हणून मन घेत नाही, एवढेच त्यांनी सांगितले. खालिद यांनी तो ओढून घेऊन खाल्ला आणि प्रेषित (स.) पाहत राहिले. त्यांनी कधी कोणत्या अन्नाला नाव ठेवले नाही, अशीही हदीस आहे. आवडले तर खात, नाही तर सोडून देत.

आमच्या घरांनी हे मनावर घ्यावे. सुनेने आपल्या मताप्रमाणे काही शिजवले तर भांडे वेगळे ठेवावे, त्यात कोणाचाही अपमान नाही. पण ‘तुमच्या गावात किडे खातात’ हे वाक्य सासूच्या तोंडी शोभत नाही. सुनेनेही न सांगता ते कोणाच्या ताटात वाढू नये, तो विश्वासघात ठरेल. आणि शेजारच्या ढिवर किंवा गोंड घरातून खेकड्याच्या रश्शाचा वास आला म्हणून आपल्या मुलांनी नाक मुरडू नये. पावसाळ्यात तीच त्यांची पौष्टिक भाजी असते. खायचे नसेल तर हसून सलाम करावा आणि पुढे जावे. मुले हे पुस्तकातून शिकत नाहीत. ताटावर बसून आपण काय बोलतो, ते ऐकून शिकतात.