खाते शोधणे हे नागरिकाचे काम नव्हे

पुणे महापालिकेत समाविष्ट झालेल्या गावांतील रहिवाशांसाठी पत्रक. वाचा आणि शेजाऱ्याला द्या.



दारासमोरचे चेंबर तुंबले, मैलापाणी रस्त्यावर आले, तर तक्रार कुणाकडे करायची? आपल्या गावांत हा प्रश्न विचारला की पाच जण पाच उत्तरे देतात, आणि पाचही जण आपापल्या परीने बरोबर असतात. रस्ता पूर्वी ग्रामपंचायतीचा असेल तर एक कार्यालय, सार्वजनिक बांधकाम खात्याचा असेल तर दुसरे, महामार्गाचा सेवा रस्ता असेल तर तिसरे. बिल्डरने लेआउटमधला रस्ता अजून ताब्यात दिलेला नसेल तर कुणीच नाही. पथदिवा महापालिकेच्या विद्युत विभागाचा, शेजारून गेलेली वीजवाहिनी महावितरणची, आणि त्या वाहिनीवर टेकलेली फांदी उद्यान विभागाची. सातबारा तलाठ्याकडे (आता ते ग्राम महसूल अधिकारी झाले), मिळकतपत्रिका नगर भूमापन कार्यालयात, मिळकतकर महापालिकेत, रेशनकार्ड पुरवठा खात्यात. बाळाच्या जन्माची नोंद आपण राहतो तिथे होत नाही, जन्म जिथे झाला तिथल्या निबंधकाकडे होते. हे सगळे पाठ असणे ही नागरिकत्वाची अट असू शकत नाही.

आमचे म्हणणे एकच आहे. आपली अडचण कोणत्या खात्याची, हे ठरवणे सरकारचे काम आहे. नागरिकाने काय झाले, कुठे झाले, एवढे सांगावे. पुढचा कागद त्यांनी हलवावा.

हा प्रश्न आपल्याला इतरांपेक्षा जास्त का छळतो, ते नीट लक्षात घ्या. 2017 साली 11 गावे पुणे महापालिकेत आली. 30 जून 2021 रोजी आणखी 23 आली. त्या दिवशी या 23 गावांच्या ग्रामपंचायती संपल्या. सरपंच गेले, ग्रामसेवक गेले, ज्यांच्या घरी सकाळी सातला जाऊन ‘नळाला पाणी नाही’ असे सांगता येत होते ते सदस्य गेले. हद्द महापालिकेची झाली, पण या गावांचा विकास आराखडा आणि बांधकाम परवानगी तेव्हा शासनाने पुणे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे (पीएमआरडीए) सोपवली. म्हणजे इमारतीला परवानगी देणारे एक कार्यालय, आणि त्या इमारतीला पाणी, ड्रेनेज, रस्ता पुरवायचा तो दुसऱ्याने. पुढे मार्च 2022 मध्ये महापालिकेतील नगरसेवकांची मुदत संपली आणि प्रशासकाचा कारभार सुरू झाला, तो वर्षानुवर्षे चालला. या सगळ्या काळात या 23 गावांना सरपंचही नव्हता आणि त्यांनी निवडलेला नगरसेवकही नव्हता. खाते कोणते हे सांगणारे एकमेव माणूस म्हणजे लोकप्रतिनिधी, तेच हिरावले गेले होते.

याची किंमत कागदात मोजता येत नाही. जानेवारी 2025 मध्ये सिंहगड रस्ता परिसरात, नांदेड, किरकटवाडी या आपल्याच गावांत गुइलेन-बारे सिंड्रोमचे रुग्ण वाढू लागले. चालती-फिरती माणसे अंथरुणाला खिळली, काहींना कृत्रिम श्वासावर ठेवावे लागले, काहींचा जीव गेला. काही रुग्णांच्या नमुन्यांत कॅम्पायलोबॅक्टर जेजुनी हा जिवाणू सापडला आणि संशय पाण्याकडे वळला. मग नांदेडच्या विहिरीची चर्चा सुरू झाली, जिचे पाणी शुद्धीकरण केंद्रातून न जाता केवळ क्लोरिन टाकून घरोघरी जात होते. खासगी टँकर, सोसायट्यांच्या विंधन विहिरी, कॅनमधून पाणी विकणारी छोटी आरओ केंद्रे, यांतल्या कशाची तपासणी कुणी करायची, हा प्रश्न साथ आल्यावर ऐरणीवर आला. तो आधी विचारला जायला हवा होता. आणि ज्या बाईला आपल्या नळाच्या पाण्याचा वास येतो, तिने या प्रश्नाचे उत्तर शोधत चार इमारतींचे जिने चढावेत, ही अपेक्षा आम्हाला मान्य नाही.

कायदा काय सांगतो ते पाहू. नागरिकाच्या बाजूने कायदे आहेत, चांगलेही आहेत. महाराष्ट्राचा 2005 चा विलंब प्रतिबंध कायदा सांगतो की कोणतीही फाइल साधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त एका टेबलावर राहता कामा नये. 2015 चा लोकसेवा हक्क कायदा ठराविक दाखल्यांसाठी आणि परवान्यांसाठी मुदत घालून देतो, अपिलांची सोय करतो आणि कसूर करणाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड ठेवतो. पण या सगळ्या मुदती अर्ज स्वीकारल्यापासून मोजल्या जातात. खिडकीवरच ‘हे आमच्याकडे येत नाही’ असे सांगून कागद परत केला, तर ना फाइल तयार होते, ना पहिला दिवस उजाडतो. विलंब झालाच नाही, कारण काम सुरूच झाले नाही! सगळ्या कायद्यांतून निसटायला एवढी एक फट पुरते.

ही फट बुजवता येते, हे याच देशातल्या दोन कायद्यांनी दाखवले आहे. माहिती अधिकार कायदा 2005, कलम 6(3): अर्ज चुकीच्या कार्यालयात गेला तर त्या कार्यालयाने तो पाच दिवसांच्या आत योग्य कार्यालयाकडे वर्ग करायचा आणि अर्जदाराला तसे कळवायचे. परत पाठवायचा नाही. दुसरा दाखला पोलिसांचा. ‘आमच्या हद्दीत घडले नाही’ म्हणून ठाण्यातून माणसाला हाकलण्याची सवय मोडण्यासाठी झिरो एफआयआर आली, आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ती कलम 173 मध्ये लिहिली गेली. गुन्हा कुठेही घडो, फिर्याद नोंदवायची आणि मग योग्य ठाण्याकडे पाठवायची. दरोड्याच्या फिर्यादीला जो नियम चालतो, तो फुटलेल्या ड्रेनेजच्या तक्रारीला का चालू नये?

काही अधिकारी म्हणतात, लोक कुठलाही अर्ज कुठेही देतील आणि आमच्या टपालाचा ढीग वाढेल. वाढेल, हे खरे. पण तो ढीग आजही आहे, फक्त तो लोकांच्या रजांमध्ये, रिक्षाभाड्यात आणि एजंटला दिलेल्या पैशांत वाटला गेला आहे, म्हणून दिसत नाही. शिवाय कोणते काम कुणाचे, हे खिडकीमागच्या लिपिकाला आपल्यापेक्षा कितीतरी चांगले माहीत असते. त्याच्याकडे टपाल आहे, फोन आहे, शेजारच्या खात्यातला ओळखीचा माणूस आहे. त्या लिपिकावर आमचा राग नाही. कागद परत केला तर त्याला कुणी जाब विचारत नाही, आणि घेतला तर त्याच्याच टेबलावर बोजा पडतो, अशी व्यवस्था आपण बनवली आहे.

तक्रारीच्या ॲपने हा प्रश्न सुटला, असे सांगणाऱ्यांनी एकदा तक्रार भरून पाहावी. विभाग तिथेही आपल्यालाच निवडावा लागतो. तो चुकला तर ‘सदर बाब या विभागाशी संबंधित नाही’ असा शेरा येतो आणि तक्रार बंद होते. वरिष्ठांकडे जाणाऱ्या तक्त्यात ती निकाली निघालेल्यांत मोजली जाते. मैलापाणी तिथेच असते.

म्हणून आमची मागणी. महापालिकेच्या प्रत्येक क्षेत्रीय कार्यालयात, तसेच तहसील, पीएमआरडीए, महावितरण आणि बांधकाम खात्याच्या कार्यालयांत, कोणत्याही नागरी सोयीची लेखी वा तोंडी तक्रार घेतलीच पाहिजे, आवक क्रमांक दिलाच पाहिजे, आणि पाच दिवसांत ती योग्य खात्याकडे वर्ग करून नागरिकाला कळवले पाहिजे. वाद दोन खात्यांत असेल तर तो त्यांनी आपसांत मिटवावा. ‘संबंधित नाही’ या शेऱ्यावर तक्रार बंद करण्याची सोय ॲपमधून काढून टाकावी. यासाठी राज्य शासनाने नियम करावा. तोवर महापालिकेने स्वतःपुरता ठराव करावा, त्यासाठी तिला कुणाच्या परवानगीची वाट पाहण्याचे कारण नाही.

आणि आपण आजपासून काय करायचे? तोंडी सांगून परतू नका. अर्ज दोन प्रतींत न्या, एकीवर शिक्का आणि तारखेसह पोच घ्या. घेत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा. महिनाभरात काही हलले नाही तर 10 रुपयांचे कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात विचारा: माझ्या अमुक तारखेच्या अर्जावर कोणी, कोणत्या दिवशी, काय कार्यवाही केली? जिल्हाधिकारी कार्यालयात महिन्याच्या पहिल्या सोमवारी लोकशाही दिन असतो. तिथे वेगवेगळ्या खात्यांचे अधिकारी एका दालनात बसतात, त्यामुळे एकाने दुसऱ्याकडे बोट दाखवले तर दुसरा समोरच असतो. त्यासाठी अर्ज पंधरा दिवस आधी द्यावा लागतो.

प्रत्येक अर्जाच्या शेवटी हे वाक्य लिहा, याच शब्दांत:

‘सदर विषय आपल्या कार्यालयाशी संबंधित नसल्यास हा अर्ज परत न करता पाच दिवसांत संबंधित कार्यालयाकडे वर्ग करावा व त्या पत्राची प्रत मला द्यावी.’