सामाईक सातबारा आणि एकाच खात्यात गेलेला मोबदला

भूसंपादनाचा निवाडा झाला की तालुक्याच्या बार रूममध्ये एक तयार नमुना हातोहात फिरू लागतो. स्टॅम्पपेपरवर संमतीपत्र : ‘सदर मोबदला आमच्या थोरल्या बंधूंच्या खात्यावर जमा करण्यास आमची काहीएक हरकत नाही.’ खाली भावांच्या सह्या. बहिणींची नावे मजकुरातच नसतात, तेव्हा त्यांच्या सहीचा प्रश्न येतोच कुठे! कार्यालयाला फाईल निकाली काढायची असते, पक्षकाराला पैशांची घाई असते, आपल्याला फीची. पुढे वर्षानुवर्षे चालणारे दावे या कागदातूनच जन्माला येतात.

साधे उदाहरण घेऊ. वडिलांची स्वकष्टार्जित जमीन, मृत्युपत्र नाही, मागे आई, दोन मुलगे, दोन मुली. मोबदला 50 लाख. हिंदू वारसा कायद्याच्या कलम 8 प्रमाणे पाच समान हिस्से, म्हणजे प्रत्येकी 10 लाख. फेरफारात मात्र वारस म्हणून फक्त मुलगे, आणि संमतीपत्राने 25-25 लाख वाटून मोकळे. इथे ‘2005 च्या दुरुस्तीआधीच वडील वारले’ हा बचाव हमखास ऐकू येतो. तो इथे लागूच नाही. वडिलांच्या स्वतंत्र मिळकतीत मुलीला हिस्सा 1956 पासून आहे. वडिलोपार्जित मिळकतीपुरता वाद होता, तोही विनीता शर्मा निकालाने 2020 मध्ये बहुतांशी मिटवला. फेरफाराने मालकी ठरत नाही, हे आपण कोर्टात रोज घसा कोरडा करून सांगतो. मोबदल्याच्या दिवशी मात्र तोच फेरफार वेदवाक्य होतो.

भूसंपादनाच्या 2013 च्या कायद्यातील कलम 75 प्रमाणे वाटपाबाबत सहमती झाली तर ती निवाड्यात नमूद होते, पण ती बांधते सहमती देणाऱ्यांनाच. शिवाय रक्कम उचलणाऱ्यावर खऱ्या हक्कदाराला त्याचा वाटा देण्याची जबाबदारी कलम 77 ने कायम ठेवली आहे. भावाने त्या पैशात बंगला बांधला तरी ती जबाबदारी सुटत नाही.

कोकणात गुंता आणखी वेगळा. सामाईक सातबाऱ्यावर नावांची रांग, निम्मे खातेदार मुंबईत, आणि हापूसची कलमे एकट्या चुलत्याने लावून, शिंपून वाढवलेली. निवाड्यात जमीन, झाडे, विहीर, बांधकाम यांच्या रकमा वेगळ्या दाखवता येतात. तरीही आपले अर्ज सरसकट ‘एकूण मोबदल्यात समान हिस्सा’ मागतात. झाडांच्या रकमेवर चुलत्याचा दावा टिकेल की नाही हे पुराव्यावर ठरेल; पण संयुक्त मोजणीच्या वेळीच कोणी काय लावले, विहीर कोणाच्या खर्चाने खोदली, याची नोंद घ्यायला लावणे आपल्या हाती आहे. नंतर पंचनाम्यातल्या मोघम ओळीवरून भांडत बसावे लागते.

वाद असेलच तर मनाई हुकुमाचा दावा टाकण्याआधी कलम 76 खाली प्राधिकरणाकडे संदर्भ मागा. राष्ट्रीय महामार्गाच्या जमिनीला 1956 च्या अधिनियमाचे कलम 3-एच(4) आहे. सक्षम प्राधिकाऱ्याने वाटपाचा वाद स्वतः न ठरवता प्रमुख दिवाणी न्यायालयाकडे पाठवायचा असतो. विनोद कुमार विरुद्ध जिल्हा दंडाधिकारी, मऊ या 2023 च्या निकालाने यात शंका उरलेली नाही. तरीही सुनावण्या घेऊन हिस्से ठरवणारे आदेश निघतात, आणि आपणही त्या सुनावण्यांत निमूट युक्तिवाद करतो. पहिल्याच तारखेला लेखी हरकत द्यावी.

आणखी एक. 2013 च्या कायद्याखालील प्रकरणात रक्कम प्राधिकरणाकडे जमा झाली की कलम 80 चे 9 आणि पुढे 15 टक्के व्याज थांबते. भाऊबंदकी चालू असताना पैसा नुसता पडून राहू नये म्हणून कलम 79 खाली तो गुंतवण्याचा अर्ज कोणताही हितसंबंधित पक्षकार करू शकतो. त्यासाठी दोन्ही बाजूंच्या वकिलांनी मिळून एक पुरसीस दिली तरी काम भागते.